नुसती फॉर्मॅलिटी

सासरे तीन महिन्यांसाठी टोकियोतल्या ओजिमाला आमच्याकडे राहायला आले, तेव्हा मला काळजी होती ती त्यांच्या जेवणाची, थंडीची आणि भूकंपाची. मोठा भूकंप होऊन दीड वर्ष उलटलं होतं, तरी अधूनमधून हादरे बसायचे आणि आमच्या अकराव्या मजल्यावर ते जरा जास्तच जाणवायचे. त्यांच्या उशाशी टॉर्च ठेवला, टेबलाखाली कसं शिरायचं ते दाखवलं, कपाटात पाण्याच्या बाटल्या भरून ठेवल्या. निर्माल्याचा विचार मात्र माझ्या मनातही आला नाही.

देव ते मुंबईहून घेऊनच आले होते. पंच्यात गुंडाळलेला बाळकृष्ण, अन्नपूर्णा आणि एक शाळिग्राम. टीव्हीशेजारच्या बुटक्या कपाटावर त्यांनी देव मांडले आणि दुसऱ्या दिवसापासून पहाटे साडेपाचला पूजा सुरू झाली. फुलांसाठी मी सुपरमार्केटमधून शेवंतीची जुडी आणायचे. तशी जुडी इथले लोक घरच्या मृतांपुढे ठेवतात, हे मी त्यांना सांगितलं नाही. सांगितलं असतं तर दुसरी फुलं कुठून आणायची हा प्रश्न पुन्हा माझ्याच गळ्यात पडला असता.

कचऱ्याचं वर्गीकरण त्यांना समजावून द्यायला मला वाटलं होतं आठवडा लागेल. पण ते बँकेतून सेक्शन हेड म्हणून रिटायर झालेले. फ्रिजवरचा तक्ता त्यांनी दोन दिवसांत पाठ केला आणि बाटल्यांची लेबलं नखाने सोलून काढायला लागले. माझ्या मुलीने एकदा दह्याचा डबा न धुता टाकला तर तिला बाहेर काढायला लावला. फक्त एकदा त्यांनी विचारलं की निर्माल्य कुठल्या वारी जातं. मी लॅपटॉपवरून मान न उचलता म्हटलं, जाळायच्या कचऱ्यात, मंगळवारी आणि शुक्रवारी. ते काही बोलले नाहीत, आणि गप्प राहणं म्हणजे होकार असं मी धरून चालले. दिवसभर जपानी लोकांमध्ये काम करून माझी ही समजूत झाली होती की काय, कोण जाणे. खरं तर इथेही तसं नसतं.

माझं काम म्हणजे दोन्ही बाजूंची बोलणी खाणं. पुण्याच्या टीमचं म्हणणं टोकियोच्या क्लायंटला जपानीत सांगायचं आणि क्लायंटचं पुण्याला. पुणं म्हणायचं, होऊन जाईल. क्लायंट म्हणायचा, जरा कठीण दिसतंय. पहिल्याचा अर्थ अजून हात लावलेला नाही आणि दुसऱ्याचा अर्थ हे चालणार नाही, असा असायचा. मी दोन्हीकडे थोडं गुळगुळीत करून सांगायचे आणि प्रोजेक्ट पुढे सरकायचा. नवरा नागोयात एका मोटार कंपनीच्या साइटवर होता, शुक्रवारी यायचा आणि रविवारी संध्याकाळी जायचा. मुलगी नऊ वर्षांची. मी मराठीत विचारायचे, ती जपानीत उत्तर द्यायची.

बिल्डिंगमध्ये जपानी नीट बोलणारी भारतीय बाई मी एकटीच, म्हणून रहिवासी मंडळाने मला आपसूकच दुभाषी करून टाकलं होतं. मसाल्याचा वास येतो, चपला बाहेर काढू नका, रविवारी पाणी बंद, सगळं माझ्यामार्फत. मंडळाचे अध्यक्ष सत्तरीचे होते, रेल्वेतून निवृत्त झालेले, गोड बोलणारे, नेहमी पांढरे हातमोजे घालून झाडाझुडपांत काहीतरी वेचत असायचे. माणूस वाईट नव्हता. पुढचं सगळं वाचताना हे लक्षात ठेवावं, कारण मीही ते लक्षात ठेवायचा प्रयत्न करते.

आमच्याच इमारतीत सातव्या मजल्यावर एक अमेरिकन गृहस्थ राहायचे. पन्नाशीचे, उंच, काळे. हा शब्द लिहिताना माझा हात अजून थोडा अडतो, पण तेही स्वतःला तसंच म्हणायचे आणि आमच्यातले लोक त्यांच्यामागे जे शब्द वापरायचे त्यापेक्षा तो खूपच बरा आहे. दिवसा बालवाड्यांमधून इंग्रजी शिकवायचे आणि शनिवारी सकाळी मंडळाच्या हॉलमध्ये बिल्डिंगमधल्या मुलांचा वर्ग घ्यायचे. हा वर्ग हेच त्यांचं इथलं गोत होतं. त्यांना कामावर ठेवणारी एजन्सी त्यांच्या बालवाड्या दरवर्षी बदलायची, शनिवारची मुलं मात्र त्यांची स्वतःची होती.

वर्ग सुरू झाला तेव्हा आम्हा भारतीय आयांना कोण आनंद झाला होता. मुलांना अमेरिकन टीचर, तोही लिफ्टने खाली उतरलं की. पहिल्या शनिवारी टीचर प्रत्यक्ष दिसले आणि दोघींनी मला बाजूला घेऊन विचारलं की दुसरं कोणी नाही का. एकीने ॲक्सेंटचं कारण दिलं. तिने त्यांचं एक वाक्यही ऐकलं नव्हतं. मी त्या दोघींवर मनात चडफडले, पण मी तरी काय मोठी शहाणी होते? आदल्याच आठवड्यात मी ऑफिसातल्या जपानी मैत्रिणीला, अशा माणसांची पार्श्वभूमी कोणी तपासतं का, असं विचारून घेतलं होतं. अशा माणसांची म्हणजे कशा, ते तिने विचारलं नाही. आमच्या सासऱ्यांनी तर पहिल्याच भेटीनंतर घरी येऊन मला विचारलं, "हा खरा अमेरिकन आहे का?"

अमेरिका मला माहीत होती ती नवऱ्याच्या चुलतभावाच्या तोंडून. तो न्यू जर्सीत राहायचा आणि दर दिवाळीला फोनवर तिथला नकाशा समजावून सांगायचा. अमुक रस्त्याच्या अलीकडे चांगली वस्ती, चांगल्या शाळा, पलीकडे जायचं नाही. पलीकडे का जायचं नाही हे त्याने कधी सांगितलं नाही, आम्ही विचारलंही नाही, आणि तरी आम्हाला सगळं कळलं होतं. गंमत म्हणजे टोकियोत आम्ही स्वतः पलीकडचे होतो. घर शोधताना एजंट आमच्यासमोर घरमालकांना फोन लावायचा. भारतीय आहेत, पण बायको जपानी बोलते, असं म्हणायचा, थोडं ऐकून घ्यायचा आणि आमच्याकडे बघून मान वाकवायचा. अशी कितीतरी घरं गेली. ओजिमाच्या या सरकारी इमारतींत कोणी काही विचारत नाही म्हणून आम्ही सगळे इथे गोळा झालो होतो, आणि ते अमेरिकन गृहस्थही त्याचसाठी आले होते.

इमारतीमागे कालवा आहे. बांधावर चालायला रस्ता, बाकं, चेरीची झाडं. ते गृहस्थ रोज सहाच्या सुमाराला कोपऱ्यावरच्या कोनबिनी दुकानातून कॉफी घेऊन तिथे बसायचे आणि पावाचे तुकडे चिमण्यांना टाकायचे. सासरेही पूजा आटपून तिथेच फिरायला जायचे. दोघांचं जमलं. सासरे आपल्या बँकेच्या इंग्रजीत त्यांना हवामानाविषयी सांगायचे आणि ते ऐकून घ्यायचे. घरी येऊन सासरे म्हणायचे, माणूस सभ्य आहे हो. त्या 'हो'मध्ये अजून थोडं आश्चर्य असायचं.

नोव्हेंबरमधल्या एका गुरुवारी अध्यक्षांनी मला हॉलमध्ये बोलावलं. खालच्या मजल्यांवर कबुतरं फार झाली होती. वाळत घातलेल्या गाद्यांवर घाण पडत होती आणि कालव्याच्या कडेला उंदीर दिसले होते. कोणीतरी परदेशी माणूस सकाळी पाण्याकाठी काहीतरी टाकतो असं दोघातिघांनी सांगितलं होतं. फुलं बरेच दिवस तरंगताना दिसत होती, पण भूकंपात गेलेल्या कुणासाठी कोणी पाण्यात सोडत असेल म्हणून लोक गप्प राहिले होते. आता मात्र धान्यही सापडलं होतं. असं म्हणत त्यांनी माझ्यापुढे तीन फोटो ठेवले.

पहिल्यात शेवंतीच्या पाकळ्या. दुसऱ्यात दगडाच्या खाचेत अडकलेले लालसर तांदूळ. तिसऱ्यात कापसाच्या चार-पाच अर्धवट जळलेल्या गुंडाळ्या. तिसऱ्या फोटोवर बोट ठेवून अध्यक्षांनी आवाज खाली आणला. हे सिगारेटसारखं काहीतरी हाताने वळलेलं दिसतं, म्हणाले. काय ओढतात कोण जाणे. अमेरिकेत त्या लोकांमध्ये हे प्रकार बरेच असतात म्हणे.

त्या फुलवाती होत्या. मीच चर्चगेटजवळच्या एका दुकानातून दोन पाकिटं मागवून घेतली होती. तरी मी जपानीत, असं का, असं का, म्हणत मान हलवत होते. जपानीत बोलण्यातली ही एक सोय आहे. काही न सांगता बराच वेळ बोलता येतं.

रविवारी दहा वाजता सातव्या मजल्यावरच्या त्या गृहस्थांना बोलावलंय, असं अध्यक्ष म्हणाले. पोलीस चौकीत जायची वेळ येऊ नये अशी त्यांची इच्छा होती. एक साधा कागद त्यांनी तयार केला होता. शेजाऱ्यांना त्रास झाला याबद्दल खेद आहे, पुन्हा असं होणार नाही. त्यावर सही झाली की विषय संपला. मी येऊन समजावून सांगावं, एवढीच विनंती.

घरी येऊन मी सासऱ्यांना विचारलं. त्यांनी जराही आढेवेढे घेतले नाहीत. निर्माल्य कचऱ्याच्या डब्यात टाकायचं नसतं, वाहत्या पाण्यात सोडतो, म्हणाले. पिशवी पाण्यात टाकत नाही, घडी करून परत आणतो. पिशवीचं सांगताना त्यांच्या चेहऱ्यावर थोडा अभिमानही होता. मी एवढंच म्हटलं की इथे चालत नाही, आजपासून बंद करा. फोटोंचं, रविवारचं, कशाचंच बोलले नाही. त्यांनी बरं म्हटलं आणि त्या दिवसाचं निर्माल्य तुळशीच्या कुंडीत घातलं. इतकं सोपं होतं ते.

मग नागोयाला फोन केला. नवऱ्याने सगळं ऐकून घेतलं. "बाबांचा जायला महिना राहिलाय," तो म्हणाला. "पोलीस, व्हिसा, कशाला ओढवून घ्यायचं? आणि एकदा इंडियन लोकांचं नाव आलं की सगळ्या बिल्डिंगभर होईल. सॉरीचाच कागद आहे ना? इथे लोक उठसूट सॉरी म्हणतात."

त्याला दोष देत नाही. तो जे म्हणाला ते सगळं मी आधीच स्वतःशी म्हणून झालं होतं. खरं सांगायचं तर मला भीती थोडी होती आणि कंटाळा फार होता. पुन्हा आपलं देवाधर्माचं जपानीत समजावून सांगा, पुन्हा वाका, पुन्हा सगळ्या भारतीयांच्या वतीने शरमिंदं व्हा. ऑफिसात पाच दिवस तेच करून आल्यावर रविवारीही तेच करायचं त्राण नव्हतं. दुसऱ्याच्या माथी जातंय तर जाऊ दे, असं मी शब्दांत म्हटलं नाही. शब्दांत म्हणायची गरज पडली नाही.

रविवारी हॉलमध्ये घडीच्या चार खुर्च्या मांडल्या होत्या. अध्यक्ष, गाद्यांची तक्रार करणाऱ्या एक बाई, ते अमेरिकन गृहस्थ आणि मी. ते इस्त्रीचा शर्ट घालून आले होते. दोन्ही हात टेबलावर, तळवे खाली, बोटं दिसतील असे ठेवून बसले. चौकशी होईपर्यंत ते हात तिथून हलले नाहीत. समोर ठेवलेल्या चहालाही त्यांनी हात लावला नाही.

मी तक्रार सांगितली. कबुतरं, उंदीर, फुलं, धान्य. कापसाचा फोटो दाखवताना मी अध्यक्षांचे शब्द बरेच मऊ केले, पण त्यांना ते बरोबर समजले. पाव टाकतो, म्हणाले, चिमण्यांना, ते बंद करीन, त्याबद्दल माफीही मागतो. बाकीचं मी केलेलं नाही. मी ते जपानीत सांगितलं. अध्यक्ष समजूतदारपणे हसले आणि त्यांनी कागद पुढे केला. अध्यक्षांच्या सांगण्यावरून मी त्याखाली माझ्या हाताने इंग्रजी भाषांतर लिहून ठेवलं होतं. त्यात पाव हा शब्द कुठेच नव्हता. जे झालं त्या सगळ्याबद्दल खेद होता.

त्यांनी तो दोनदा वाचला. मी म्हटलं, "नुसती फॉर्मॅलिटी आहे. इथे याला कोणी गुन्हा कबूल करणं समजत नाही. सही केली की घरी जायचं."

त्यांनी कागद खाली ठेवला. मग अगदी सावकाश, वर्गात मुलांना सांगतात तसं, त्यांनी मला त्यांच्या धाकट्या भावाचं सांगितलं. भाऊ एकोणीस वर्षांचा होता. तिघा मित्रांबरोबर गाडीतून चालला होता. पोलिसांनी गाडी थांबवली, सीटखाली काहीतरी सापडलं. भावाचं नव्हतं. सरकारने दिलेला वकील जेमतेम दहा मिनिटं भेटला. तो म्हणाला, खटला लढायचा तर तारखेपर्यंत कित्येक महिने आत बसावं लागेल, जामीन भरणं तुम्हाला जमणार नाही. कबूल म्हणून सही कर, नुसती फॉर्मॅलिटी आहे, संध्याकाळी घरी जाशील.

"आणि तो संध्याकाळी घरी आला," ते म्हणाले. "आईने मासे तळले. आम्ही सगळे फार खूश होतो."

त्यानंतरचं त्यांनी थोडक्यात सांगितलं. आईचं घर सरकारी वसाहतीत होतं. तिथे शिक्षा झालेला माणूस राहू शकत नाही, नाहीतर घरच जातं, म्हणून आईला स्वतःच्या मुलाला बाहेर काढावं लागलं. नोकरीच्या प्रत्येक फॉर्मवर तोच प्रश्न, कधी शिक्षा झाली होती का, आणि त्यापुढे खूण करायचा तोच चौकोन. कित्येक वर्षं मत देता आलं नाही. आता तो चव्वेचाळीस वर्षांचा आहे आणि एका गोदामात माल चढवतो, कारण तिथला ठेकेदार काही विचारत नाही. गाडीत त्याच्याबरोबर एक गोरा मुलगाही होता. त्याच्या वडिलांनी वकील केला. तो आता शाळेत शिक्षक आहे.

अध्यक्षांनी मला विचारलं, काय म्हणतायत ते? मी म्हटलं, विचार करतायत.

एवढंच. दिवसाचे आठ तास दुसऱ्यांचं बोलणं इकडून तिकडे पोहोचवणारी बाई मी, आणि त्या दिवशी माझ्यापुढे आलेलं सगळ्यात महत्त्वाचं बोलणं मी पोहोचवलं नाही. मला वाटलं, अध्यक्षांना हे सांगून काय होणार, त्यांचा याच्याशी काय संबंध, उगाच लांबण लागेल.

मग त्या गृहस्थांनीच मला विचारलं, "तुम्हाला काय वाटतं? मी सही करावी?"

बाईंनी घड्याळाकडे पाहिलं. मी म्हटलं, "करा."

त्यांनी सही केली. अध्यक्षांनी उठून दोन्ही हातांनी कागद घेतला, वाकले, आम्ही सगळेच वाकलो.

पुढच्या आठवड्यात लिफ्टपाशी पाटी लागली. पक्ष्यांना खायला घालू नये, पाण्यात काही टाकू नये. जपानी आणि इंग्रजी, दोनच भाषांत. बिल्डिंगमध्ये इंग्रजी ही एकाच माणसाची भाषा होती असं नाही, पण पाटी कुणासाठी आहे ते सगळ्यांना कळलं. डिसेंबरपासून शनिवार सकाळचा हॉल दुसऱ्या कार्यक्रमांसाठी लागणार असल्याचं मंडळाने त्यांना कळवलं. ते पत्रही इंग्रजीत मीच करून दिलं. ज्या दोघींना ॲक्सेंटची काळजी होती त्यांना, आपण तेव्हाच म्हटलं होतं, असं म्हणायची संधी मिळाली. माझ्या मुलीने एका शनिवारी बूट घालून तयार होऊन मला जपानीत विचारलं की सेन्सेईंनी काय केलं. मी म्हटलं, काही नाही. मग वर्ग का नाही, तिने विचारलं. मी तिला बूट काढायला सांगितलं.

नवरा त्या शनिवारी नागोयातच अडकला होता. सासरे जेवणाच्या टेबलाशी बसून हे ऐकत होते. ती खेळायला गेल्यावर त्यांनी विचारलं आणि मी सगळं सांगून टाकलं. फोटो, कागद, भाऊ, सही. सांगताना मला रडू येईल असं वाटलं होतं, पण नुसता थकवा आला.

त्यांनी पुढ्यातलं ताट बाजूला सारलं. "तू मला का नाही सांगितलंस?" त्यांनी विचारलं. मी व्हिसाचं म्हटलं. "मी काय लहान मूल आहे?" ते म्हणाले. मला माहीत असलेल्या पंधरा वर्षांत ते माझ्यावर पहिल्यांदाच चिडले होते, आणि तेही हळू आवाजात. उठले, हात धुतले, कोट घातला. "चल. त्या अध्यक्षांकडे घेऊन चल मला."

अध्यक्षांनी आम्हाला घरात बसवलं. मी सगळं नीट सांगितलं, या वेळी काही मऊ न करता. फुलवात म्हणजे काय, अक्षता म्हणजे काय, निर्माल्य पाण्यातच का सोडतात. मला वाटलं होतं त्यांचा चेहरा उतरेल. ते आ करून ऐकत राहिले आणि मग चक्क हसले. असं होय, देवाची फुलं होय! आमच्याकडेही पितरांसाठी पाण्यात दिवे सोडतात, म्हणाले. वय झालेल्या माणसाला परक्या देशात काय माहीत असणार, त्यात वाईट वाटून घ्यायचं काहीच कारण नाही. उलट आम्हीच आधी समजून घ्यायला हवं होतं. त्यांच्या बायकोने चहा आणला आणि सासऱ्यांच्या तब्येतीची चौकशी केली.

सासरे कोटाच्या खिशातून पेन काढून बसले होते. इंग्रजीत म्हणाले, मी लेखी द्यायला तयार आहे, कागद द्या. मी ते जपानीत सांगितलं. अध्यक्ष दोन्ही हात हलवत म्हणाले, छे छे, त्याची काहीच गरज नाही. सासऱ्यांनी पुन्हा सांगितलं. ते पुन्हा नको म्हणाले. पेन तसंच खिशात गेलं.

मी त्या गृहस्थांनी सही केलेला कागद परत मागितला. अध्यक्ष घुटमळले. ती फाइल आता बंद झाली आहे, म्हणाले, त्या गृहस्थांनाही आता जुनं उकरून काढलेलं आवडणार नाही. मी उठले नाही. शेवटी त्यांनी कपाटातून फाइल काढली आणि कागद लिफाफ्यात घालून दिला. शनिवारच्या हॉलचं विचारलं, तर नाही म्हणण्याआधी इथले लोक ओढतात तशी दातांतून हवा आत ओढली. वेळापत्रक मार्चपर्यंत ठरलंय, पुढच्या वर्षी बघू. याचं भाषांतर सासऱ्यांनी मागितलं नाही. निघताना अध्यक्षांच्या बायकोने आमच्या हातात रेशमी कागदात बांधलेला एक डबा ठेवला.

सासऱ्यांना वर पोहोचवलं आणि मी एकटीच सातव्या मजल्यावर गेले. ते येतो म्हणत होते, मीच नको म्हटलं. त्यांची वाट मोकळी झाली होती, माझी व्हायची होती.

दार उघडलं तेव्हा आत कांदा परतल्याचा वास येत होता. मी दारातच उभं राहून बोलले. निर्माल्य सासऱ्यांचं होतं. मला ते रविवारच्या आधीच माहीत होतं. तुमच्या भावाचं मी अध्यक्षांना सांगितलं नाही. एवढं सगळं मी इंग्रजीत न अडखळता सांगितलं, कारण लिफ्टमध्ये मनात जुळवून ठेवलं होतं.

"मला माहीत होतं त्यांचं आहे ते," ते म्हणाले. "रोज बघायचो. आधी बूट काढायचे, मग पाण्यापाशी जायचे."

मी विचारलं, मग तिथे बोलला का नाहीत. त्यांनी खांदे उडवले. म्हातारे आहेत, पाहुणे आहेत, त्यांचं नाव मी कशाला देऊ, म्हणाले. मग जरा थांबून, "तुम्हाला माहीत आहे की नाही, ते कळत नव्हतं. म्हणून तर विचारलं, सही करू का."

मी लिफाफा पुढे केला. त्यांनी कागद काढून उजेडात धरला, वरचं जपानी, खालचं माझं अक्षर आणि त्याखालची स्वतःची सही पाहिली. याची कॉपी असेलच, म्हणाले. मी म्हटलं, माहीत नाही. त्यांनी त्याची नीट घडी घातली आणि खिशात ठेवला. रागावले असते तर मला बरं वाटलं असतं. ते गॅस बारीक करायला आत गेले, परत आले आणि दाराला हात लावून उभे राहिले.

"तुमच्याकडून काही लिहून घेतलं का?"

"नाही," मी म्हटलं. "बिस्किटांचा डबा दिला."